उलट्या अक्षरांची वच्छलाबाई

बायकोसाठी विहिरीवरून पाणी आणणारा नवरा आमच्या गल्लीत एकच होता, आणि त्याचं नाव माझ्या वडिलांना आठवड्यातून दोनदा तरी ऐकावं लागे. उद्धवराव. बुलढाण्याच्या कचेरीत ते नकलनवीस होते. कोर्टाच्या कागदांच्या नकला करायच्या हे त्यांचं काम, आणि हात असा बसलेला की मूळ कागद कोणता नि नक्कल कोणती हे साहेबालाही शिक्का पाहूनच कळे. वर्ष १९२६ असावं. वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेलं होतं आणि मी नऊ वर्षांची होते.

विहीर उताराच्या खाली. गल्लीतल्या बायका तिथं सकाळी दोर-बादल्या घेऊन जमत, आणि त्यांच्यात धोतराचा काचा मारलेले उद्धवराव खांद्यावर कळशी घेऊन उभे असत. बायका त्यांना आधी वाट देत. ते मान खाली घालून पाणी ओढत, दोन खेपा करत आणि मग कचेरीत जात. त्यांची बायको वच्छला तेव्हा एकोणीस वर्षांची होती. ती विहिरीवर कधी आली नाही.

आई वडिलांना म्हणे, "पाहा त्या उद्धवरावाले. बायकोले विहिरीची पायरी ठाऊक नाही."

वडील शाळेत मास्तर होते आणि त्यांना थट्टेची सवय होती. एकदा ते म्हणाले, "बरं. उद्यापासून मी आनतो पानी, तू घरात बस. पन मग कोनाच्या सुनेनं काय केलं, ते तुले कोन सांगन?"

"नको बापा. ते नाही जमनार मले," आई म्हणाली आणि दोघंही हसले. उद्धवराव स्वतः पाणी का भरतात याचं उत्तर तिथंच, दोघांच्या मधे पडलेलं होतं, पण ते कोणी उचललं नाही.

उद्धवरावांचं घर आमच्या घराला लागून. परसात दोन्ही घरांमध्ये तुराट्यांची तट्टी होती. तट्टीपलीकडे वच्छला भांडी घासताना दिसे. गहूवर्णी, बोटं लांब, आणि काही नवीन वस्तू हाती आली की ती आधी पालथी करून पाहण्याची सवय. वाटी असो, पान असो, पहिल्यांदा मागची बाजू. आईला त्याचं हसू येई. ती सवय कुठून आली होती हे कळायला आम्हाला वर्ष लागलं.

वच्छलेचा बाप पुंजाजी खामगावच्या एका लहानशा छापखान्यात जुळारी होता. शिशाचे खिळे, म्हणजे एकेक सुटं अक्षर, खणाखणांच्या पेटीतून उचलून ओळ जुळवायची, हे जुळाऱ्याचं काम. बायको बाळंतपणात गेली तेव्हा वच्छला चार वर्षांची होती. घरी सांभाळायला कोणी नाही, म्हणून पुंजाजी तिला रोज छापखान्यात नेऊन पेटीशेजारी बसवी. तिथंच ती अक्षरं शिकली. पण खिळ्यावरचं अक्षर कागदावरच्यासारखं नसतं, ते आरशातल्यासारखं उलटं असतं. सहाव्या वर्षी ती जुळवलेला अख्खा मजकूर घडाघडा वाची. शाळेत घातल्यावर मात्र पंतोजीनं पाटीवर काढलेलं अक्षर तिला ओळखू येईना, आणि तिनं काढलेलं अक्षर पाहून पंतोजीनं तिला छडीनं मारलं. तीन महिन्यांत शाळा संपली. पुढं सुलटी अक्षरं ती एकेक करून ओळखू लागली, पण चाचपडत, अनोळखी गावात घर शोधावं तशी.

तिला पाहायला उद्धवराव आले ते बीजवर म्हणून. पहिली बायको रोहिणखेडची. तिच्या भावानं पाठवलेली एक चिठ्ठी तिच्या उशीखाली सापडली, आणि ती भावाचीच आहे हे उद्धवरावांना शेवटपर्यंत पटलं नाही. तिला माहेरी पोचवून ते परत आले होते. खामगावला त्यांनी एकच प्रश्न विचारला. पोरीला लिहिता-वाचता येतं का? पुंजाजीनं नाही म्हणून सांगितलं. खोटं बोलावं असा त्याचा विचार नव्हता. उलटं वाचणं म्हणजे वाचणं, असं त्यालाच कधी वाटलं नव्हतं. उद्धवरावांनी तिथंच सुपारी फोडली.

लग्नानंतर पाण्याची कळशी त्यांच्या खांद्यावर आली. वच्छलेला सर्दी होते म्हणून रस्त्याकडची खिडकी खिळे ठोकून बंद झाली. कासाराचा हात बायकांच्या मनगटाला लागतो म्हणून मनगटाच्या मापाचा दोरा नेऊन बांगड्या तेच आणत आणि तेच भरत. कचेरीत जाताना उंबऱ्याबाहेर चुलीतली राख बारीक पसरून जात, मुंग्या येऊ नयेत म्हणून. संध्याकाळी आले की आधी वाकून राख पाहत. मारझोड कधी नाही. आवाजसुद्धा चढत नसे. गल्लीतल्या बायकांना तिचा हेवा वाटे, आणि तिनं तोंड उतरवलं तर त्या म्हणत, सुख टोचते काही काही जनींले.

माझ्या लेकीच्या सासरहून हल्ली अशीच कौतुकं कानावर येतात. जावई तिला कॉलेजच्या दारात सोडतात, दारातून घेऊन येतात, मैत्रिणीकडे गेली तर बाहेर ओट्यावर बसून राहतात. किती जीव आहे, असं सगळे म्हणतात. लेकही हसून तेच म्हणते. ते ऐकलं की वच्छलाबाई आठवतात, म्हणून हे लिहायला घेतलं.

तिच्या बापाचं पत्र महिन्या-दीड महिन्यानं येई. उद्धवराव ते कचेरीतून आणत आणि संध्याकाळी दाराकडे पाठ करून बसत, म्हणजे मावळतीचा उजेड खांद्यावरून कागदावर पडे. वच्छला समोर, आतल्या अंधारात. पत्र ते तिला वाचून दाखवत. पुंजाजी पातळ कागद वापरी आणि दाट काळ्या शाईनं, बाळबोध लिपीत, एकेक अक्षर सुटं सुटं लिही. उजेड कागदातून आरपार येई आणि वच्छलेला पाठीमागून सगळी अक्षरं दिसत. उलटी. तिला हवी तशी.

पहिली दोन वर्षं तिनं ऐकलेलं आणि पाहिलेलं एकच होतं. मग तीन पत्रं अशी आली, की उद्धवराव वाचत होते, "इकडे सर्व खुशाल. मुलीने तिकडेच नांदावे, माहेरची ओढ धरू नये," आणि कागदावर होतं, "पाय सुजले आहेत. डोळ्यांपुढे धूर दिसतो, खिळे बोटाने चाचपून जुळवतो. पोरीस पंधरा दिवस पाठवा, आपल्या पाया पडतो."

ती ऐकून घेई आणि उठून चूल पेटवी. तुम्ही खोटं वाचता असं म्हणायचं, तर मला वाचता येतं हे सांगावं लागणार. मग तीही रोहिणखेडवालीच्या वाटेनं गेली असती, आणि आंधळ्या होत चाललेल्या बापाच्या दारात टाकलेली लेक म्हणून उभी राहिली असती. तिला टाकून दिलं जायला नको होतं. तिला फक्त पंधरा दिवस हवे होते.

त्या दिवाळीनंतर बद्रुद्दीनचा तंबू बुलढाण्यात आला. बद्रुद्दीन गावोगाव बाइस्कोप घेऊन हिंडणारा, मूकपटांचा जमाना. बाजाराच्या मैदानात तंबू, मधोमध दोन बांबूंना ताणलेला पांढरा पडदा. खेळ सुरू होण्याआधी पडद्यावर पाणी शिंपून तो ओला करत, म्हणजे चित्र दोन्ही बाजूंनी दिसे. पुरुष पुढं बसत, बायका पडद्याच्या मागं. बायकांच्या दारावर बद्रुद्दीनची बायको गुलनार पान चघळत बसे.

त्या आठवड्याचं चित्र संशयी नवऱ्याचं आहे, बायकोला चांगला धडा आहे, असं कचेरीत बोललं जात होतं. शिरस्तेदारांनी सगळ्यांना सहकुटुंब यायला सांगितलं. साहेबाखालोखालच्या माणसाला नाही म्हणता येईना, आणि धडा बायकोला मिळावा असं वाटतही असेल. दिवेलागणीला उद्धवराव वच्छलेला घेऊन निघाले. तंबूच्या दाराशी त्यांनी तिला माझ्या आईच्या हवाली केलं आणि तिचा हात सोडू नका म्हणून दोनदा सांगितलं.

चित्रात एक सावकार होता. तो सुंदर बायकोला कोंडतो, मोलकरणीला पाळतीवर ठेवतो. पण मागून पाहताना सगळंच उलटं. पहिल्याच पंगतीला बायकांमध्ये खसखस पिकली.

"डाव्या हातानं जेवून राह्यला मेला," कोणी म्हणालं.

"आनि तिचा पदर पाहा कोन्या खांद्यावर."

गुलनार दारातून म्हणाली, "अव्वल तिकीट पुढं असते बाई. मागून अशीच दुनिया दिसते."

मधूनमधून पडद्यावर अक्षरं येत. इंग्रजी, गुजराती आणि खाली मराठी. पुढं गफ्फार नावाचा माणूस ती पुरुषांना मोठ्यानं वाचून दाखवी, पण पेटी-तबल्याच्या आवाजात आम्हाला काही ऐकू येईना. माझी आई चौथी पास. सगळ्याजणी तिला विचारू लागल्या, मास्तरीनबाई, काय लिहिलं? आई मान वाकडी करकरून पाहत होती. तेवढ्यात मी ज्यांच्या मांडीवर होते त्या वच्छलाबाई माझ्या कानाशी म्हणाल्या, "दिवाणखान्याची किल्ली कोणापाशी आहे?"

पडद्यावर सावकार हेच विचारत होता. पुढची पाटी आली, तीही त्यांनी वाचली. आईनं ऐकलं, मग शेजारणीनं. मोठ्यानं वाच, मोठ्यानं वाच, सगळ्याजणी म्हणू लागल्या. सुरुवातीला त्या दबकत वाचत होत्या. मग त्या ताठ बसल्या आणि छापखान्यात बापाला जुळवलेला मजकूर वाचून दाखवत तशा खणखणीत वाचू लागल्या. तंबूतल्या साठ-सत्तर बायका गप्प. पडद्यापलीकडे पुरुषांचा गलबलाही कमी झाला, कारण गफ्फार वाचायच्या आधी तेच शब्द पलीकडून बाईच्या आवाजात येऊ लागले होते. कोणी तरी शाबासकी दिली. त्या पुरुषांत तिसऱ्या ओळीत उद्धवराव बसले होते.

तू हे कसं वाचतेस, असं आईनं विचारलं. तेव्हा दोन पाट्यांच्या मधल्या वेळात वच्छलाबाईंनी तिला खिळ्यांचं सांगितलं आणि मग तीन पत्रांचं. एवढ्या बायकांत, नवरा पडद्याच्या पलीकडे, असा वेळ त्यांना तीन वर्षांत पहिल्यांदा मिळाला होता. आईचा विश्वास बसला नाही. पाणी भरणारा माणूस असं कशाला करील? उलटं वाचताना काहीतरी चुकलं असेल, असं ती म्हणाली. वच्छलाबाई पुढची पाटी वाचू लागल्या.

शेवटी चित्रातली बायको विष घेते, ती निर्दोष होती हे सावकाराला कळतं, आणि तो तिच्या पायांवर डोकं ठेवून रडतो. पाटी आली. वच्छलाबाई गप्प.

"काय लिहिलं वं?" बायकांनी विचारलं.

"काही नाही. रडून राह्यला तो," त्या म्हणाल्या.

पेटी थांबली होती, म्हणून गफ्फारचा आवाज आम्हालाही आला. "प्रिये, फार प्रेम होतं म्हणूनच मी संशय घेतला." पुढचे पुरुष हुंदके देत होते. त्या मेलेल्या बाईसाठी नाही, त्याच्यासाठी.

 दुसऱ्या दिवशी उद्धवराव नेहमीसारखे विहिरीवर आले. चार दिवसांनी त्यांनी खामगावचं पत्र वाचलं नाही, वच्छलेच्या हातातच दिलं. "घे, तूच वाच. तुले तर सारंच येते," असं हसून म्हणाले आणि समोर बसून राहिले.

पत्रात लिहिलं होतं की तब्येत आता उत्तम आहे, डोळ्यांना आराम पडला, येण्याची तसदी घेऊ नये. तिनं कागद पालथा करून उजेडात धरला. मागूनही तेच. शाई तीच, अक्षराचं वळण तेच, सुटं सुटं, काना जरा लांब ओढलेला. आतापर्यंत निदान कागदाच्या मागं खरं असे. आता दोन्हीकडून एकच होतं, आणि ते खरं मानलं तर बाप बरा झाला होता.

दुपारी उद्धवराव कचेरीत असताना तिनं तट्टीच्या फटीतून आईला हाक मारली आणि दोन कागद सरकवले. एक नवं पत्र. दुसरं जुनं, चुलीच्या ढलप्यांत टाकलेलं, तिनं काढून पापडाच्या डब्यात ठेवलेलं.

"काकू, कड पाहा," ती म्हणाली. "उजव्या बाजूची."

जुन्या पत्राच्या सगळ्या ओळी उजवीकडे एका रेषेत संपत होत्या, दोरी लावल्यासारख्या. कुठं दोन शब्दांत जागा जास्त सोडलेली, कुठं कमी, पण कड सरळ. नव्या पत्रात ओळी जिथं संपतील तिथं संपल्या होत्या. जुळाऱ्याला प्रत्येक ओळ सारख्या लांबीची करावी लागते, नाहीतर चौकट आवळताना खिळे गळून पडतात. तीस वर्षं हेच केलेला हात पत्र लिहितानाही तसाच चाले. नकलनवीसानं अक्षर न् अक्षर उचललं होतं. कोर्टाच्या कागदात उजवी कड कोणी पाहत नाही, म्हणून त्यानंही पाहिली नव्हती.

"माहा बा झोपेत लिहील, तरी कड धरूनच लिहील," वच्छला म्हणाली. "हे त्यांनी लिहिलं. काकू, माहा बा बरा नाही."

आईनं ते कागद वडिलांना दाखवले. वडिलांनी आधी थट्टा केली, मग शाळेची फूटपट्टी आणून जुन्या पत्राच्या कडेला लावली, आणि मग त्यांची थट्टा थांबली. नवरा-बायकोच्या मधे पडू नये असं ते म्हणाले खरे, पण त्याच दिवशी त्यांनी छापखान्याचे मालक रंगराव यांना कार्ड टाकलं. आठ दिवसांत उत्तर आलं. पुंजाजी दसऱ्यापासून अंथरुणावर होता. लेकीला बोलावणी धाडली, पण उत्तर आलं की तिला संसारातून सवड नाही, ती फार सुखात आहे, जावई हातावर झेलतो. लेकीला लिहिता येत नाही म्हणून तिच्या सांगण्यावरून जावयानंच लिहिलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आई विहिरीवर गेली. सगळ्या बायका होत्या आणि उद्धवराव पाणी ओढत होते. पुंजाजी आजारी असल्याचं कार्ड आलं आहे, मी वच्छलेला खामगावला घेऊन जाते, असं तिनं सगळ्यांसमोर सांगितलं. पत्रांचं ती काही बोलली नाही. चारचौघांत माणसाची अब्रू जाऊ नये, असं तिला तेव्हाही वाटत होतं.

उद्धवरावांनी दोर बांधून ठेवला. "न्या की, वहिनी. मी कधी नाही म्हटलं? मले रजा मिळाली की मी येतो आनायले," ते म्हणाले. बायकांनी एकमेकींकडे पाहून मान डोलावली. पाहा, किती सोनं माणूस.

आई, वच्छलाबाई आणि मी बोथ्याच्या घाटानं मोटारीतून खामगावला गेलो. छापखाना म्हणजे एक लांबट खोली, मागं कागदाच्या गठ्ठ्यांची अडगळ आणि त्या अडगळीत पुंजाजीची बाज. त्याला दिसत नव्हतं. त्यानं लेकीचा चेहरा नाही चाचपला, बोटं चाचपली, आणि म्हणाला, "मऊ झाली वं बोटं. सुखात हायेस."

वच्छलाबाईंनी त्याला काही सांगितलं नाही. त्या त्याला पेज भरवत, शेक देत, आणि तो झोपला की पुढच्या खोलीत जाऊन उभ्या राहत. लग्नसराई जवळ आली होती. जुळाऱ्यावाचून रंगरावांची कामं तुंबलेली. तिसऱ्या दिवशी त्या आपणहून पेटीशी बसल्या. तीन वर्षांत बोटं काही विसरली नव्हती. सहाव्या दिवशी रंगराव आमच्या आईला म्हणाले की पोर बापापेक्षा चलाख आहे, राहील तर मागची खोली तिची आणि पगार बापाचाच. कोरडा, कमी बोलणारा माणूस होता तो. उगाच म्हणायचं म्हणून म्हणणाऱ्यातला नव्हता.

आईनं हे वच्छलाबाईंना सांगितलं तेव्हा मी तिथंच होते. त्यांनी हातातला खिळा खाली ठेवला, परत उचलला, आणि "बापाजवळ राहता येईन मले," एवढंच म्हणाल्या. त्या संध्याकाळी मी त्यांना गुणगुणताना पहिल्यांदा ऐकलं.

आठव्या दिवशी उद्धवराव आले. मोटार घाटात बिघडली होती आणि ते पुढचे दहा मैल पायी आले होते. टाचांना फोड. हातात सासऱ्यासाठी औषधाची बाटली आणि बायकोसाठी लुगडं. आल्याबरोबर ते बाजेशी बसले आणि पुंजाजीचे सुजलेले पाय मांडीवर घेऊन चेपू लागले. ती रात्र, दुसरा दिवस, ते उठले नाहीत. छापखान्यातली माणसं दारातून पाहून जात. रंगरावांचे डोळेसुद्धा ओले झालेले मी पाहिले. उद्धवराव स्वतःही रडत होते, आणि ते रडणं खोटं होतं असं मला आजही म्हणता येत नाही.

दहाव्या दिवशी ते म्हणाले की रजा संपली, निघायला हवं. वच्छलाबाई बाजेच्या उशाशी उभ्या होत्या. त्या पहिल्यांदाच नवऱ्यासमोर, सगळ्यांसमोर बोलल्या.

"मी नाही येत. मी बापापाशी राहीन."

उद्धवराव पाय चेपत राहिले. पुंजाजीनंच मान वळवली. "असं करू नये, बाई. अशा देवमानसाले कोनी सोडते का? मले तुही सारी पत्रं पाठ हायेत." मग त्यानं चाचपत जावयाचा हात शोधला आणि तो धरून ठेवला.

वच्छलाबाईंनी आईकडे पाहिलं. "काकू, तुमी सांगा. ते कागद दाखवा मालकायले."

दोन्ही पत्रं आईच्या बटव्यात होती. आईचा हात बटव्यापर्यंत गेलेला मी पाहिला. समोर आंधळा म्हातारा जावयाचा हात धरून पडला होता आणि त्याच्या चेहऱ्यावर समाधान होतं. ते पत्र खोटं, तर त्याची सगळी सुखाची पत्रंही खोटी ठरणार. रंगराव हळूच म्हणाले, धनीच न्यायले आला, मी ठेवनारा कोन. आईनं बटवा तसाच राहू दिला. जा बाई, म्हणाली, सारं नीट होईल. आणि वच्छलाबाई हलेनात तेव्हा तिनंच कोपऱ्यातलं त्यांचं लुगडं, चोळी, फणी गोळा करून गाठोडं बांधलं.

आम्ही सगळे एकाच मोटारीनं परतलो. पंधरापैकी दहा दिवस झाले होते. पुढच्या शुक्रवारी पुंजाजी गेला. रंगरावांनी पत्र आमच्या पत्त्यावर पाठवलं. आई ते घेऊन तट्टीपाशी गेली नाही, पुढच्या दारानं गेली आणि उद्धवरावांच्या देखत वच्छलाबाईंच्या हातात दिलं. तेवढं तिनं केलं. त्यांनी ते सुलटंच धरलं आणि एकेक अक्षर लावत वाचलं. फार वेळ लागला.

वच्छलाबाई त्या घरात आणखी तीस वर्षं राहिल्या. मूल झालं नाही. उद्धवरावांनी पुढं त्यांना ना मारलं, ना टाकलं. मी नागपूरला कॉलेजात शिकत असताना सुटीत एकदा तट्टीशी उभी राहून त्यांना विचारलं, तेव्हा खामगावला तुम्ही राहायलाच हवं होतं, का नाही राहिलात? त्या तांदूळ निवडत होत्या. त्यांनी सूप बाजूला ठेवलं.

मग म्हणाल्या, "मी तं म्हटलं होतं, राहीन. तुह्या मायनं गाठोडं बांधलं. ते मी हाती घेतलं नाही, तशीच उभी होती. तिथं पाच-सहा मानसं होती. एकानं जरी म्हटलं असतं, राहू द्या तिले, तं मी राह्यली असती."

आई त्यानंतर बारा वर्षं जगली. मी तिला हे सांगितलं नाही.